काळ-काम-वेग आणि तीनशे पोळ्या

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

गेल्या आठवड्यात तुमच्या स्पर्धा परीक्षेच्या पानावर काळ-काम-वेगाची एक चौकट आली होती. एक माणूस काम इतक्या दिवसांत करतो, दुसरा तितक्या दिवसांत, तर दोघं मिळून किती दिवसांत? दोन्ही आकड्यांचा गुणाकार करा, त्याला त्यांच्याच बेरजेनं भागा, उत्तर तयार. खाली पाच सोडवलेली उदाहरणं, पाचही दोनच माणसांची, आणि शेवटी जाड टाइपात 'सूत्र पाठ करा, गुण खिशात घाला' असा सल्ला. कुणीतरी ती चौकट कापून माझ्या भिंतीवर सेलोटेपनं चिकटवली. भिंत माझी आहे, तेव्हा तिच्यावर काय चिकटलंय याबद्दल बोलायचा मला हक्क आहे असं धरून हे लिहिते.

मी सदाशिव पेठेत पोळीभाजी केंद्र चालवते. दोन डब्यांपासून सुरुवात केली, त्याला आता ३१ वर्षं झाली. संध्याकाळी साडेसातनंतर माझ्याकडे जेवायला येणारी निम्मी मुलं एमपीएससीची नाहीतर पोलीस भरतीची तयारी करणारी असतात. कुणी बीडचा, कुणी परभणीचा, कुणी बुलढाण्याचा. दिवसभर अभ्यासिकेत मान मोडून येतात आणि आमटीत पोळी कुस्करताना सुद्धा एकमेकांना प्रश्न घालतात. इतिहास, राज्यघटना यांत मुलं वाघ असतात. गणित निघालं की ताटाकडे बघायला लागतात. सीसॅटचा, म्हणजे एमपीएससीच्या पूर्वपरीक्षेतला गणित-बुद्धिमत्ता असलेला पेपर आता पात्रतेपुरता आहे, ३३ टक्के मिळाले की पुरे, पण माझ्याकडचे दोघं त्या ३३ टक्क्यांनाच अडखळले, म्हणून हा विषय माझ्या जेवणघरात चेष्टेचा राहिलेला नाही.

चौकट चिकटल्यानंतर तिसऱ्या दिवशीची गोष्ट. बीडकडचा एक मुलगा, अतिशय मन लावून अभ्यास करणारा, वही घेऊन आत आला. "काकू, पुस्तकात उत्तर चुकीचं छापलंय." प्रश्न असा होता की एक मजूर काम १० दिवसांत करतो, दुसरा १२ दिवसांत, तिसरा १५ दिवसांत, तर तिघं मिळून किती दिवसांत करतील? त्यानं भिंतीवरचं सूत्र लावलं होतं. तिघांचा गुणाकार १८००, तिघांची बेरीज ३७, भागाकार ४८ आणि वर थोडं. पर्यायांत ४, ५, ६ आणि ८. म्हणजे पुस्तक चुकलं.

मी म्हटलं, "यातला सगळ्यात रेंगाळणारा मजूर एकटा किती दिवस घेतो?"

"१५."

"मग तिघं मिळून ४८ दिवस कसे लागतील? बाकीचे दोघं काय त्याचे हात धरून बसलेत?"

तो हसला, पण ओशाळून. हुशार मुलगा आहे, विज्ञानाचा पदवीधर आहे. सूत्र हातात पडल्यावर डोकं बाजूला ठेवायचं असतं, एवढंच त्याला शिकवलं गेलं होतं. त्याला शिकवणाऱ्यांची नावं मी घेत नाही. ते सगळीकडे असंच शिकवतात.

त्याची वही पोळपाटाशेजारी ठेवून मी जे केलं ते असं. काम म्हणजे काय ते प्रश्नात सांगितलेलंच नाही. भिंत असेल, विहीर असेल, काहीही असेल. मग आपणच ठरवू की काम म्हणजे ६० पोळ्या. पहिला १० दिवसांत ६० करतो, म्हणजे रोज ६. दुसरा रोज ५. तिसरा रोज ४. तिघं मिळून रोज १५. साठाला पंधरानं भागा, ४ दिवस. पुस्तक बरोबर होतं.

"पण काकू, ६० च का?"

कारण १०, १२ आणि १५ या तिन्हींनी ६० ला पूर्ण भाग जातो, तुमच्या भाषेत लसावि. पण ६० नसते घेतले, १०० घेतले असते, तरी उत्तर तेच आलं असतं, फक्त अपूर्णांक सांभाळत बसावं लागलं असतं. क्लासमध्ये लसावि पद्धत सांगतात हे मला माहीत आहे, ती चांगलीही आहे. मुलांना एवढंच सांगायचं राहून जातं की लसावि हा कामाचा आकार आहे आणि तो आपण सोयीसाठी मानलेला आहे. ते कळलं नाही की लसावि हासुद्धा एक मंत्र होऊन बसतो.

हे मला आधी माझ्या नातवानं शिकवलं. तो पाचवीत आहे, शिष्यवृत्तीला बसतोय. त्याला ६ आणि १२ दिवसांचं उदाहरण घातलं होतं. त्याचं पहिलं उत्तर होतं ९. दोघांचे दिवस मिळवून निम्मे केले. मी काही बोलले नाही. मग म्हणाला १८, बेरीज केली. आईनं डोळे वटारल्यावर सूत्र आठवलं आणि ४ आले, आई खूश. मी विचारलं, "४ च का रे?" तर म्हणाला, "बाईंनी सांगितलंय म्हणून."

मी त्याला पोळ्यांच्या भाषेत सांगितलं. काम १२ पोळ्यांचं. एकजण रोज २ करतो, दुसरा रोज १, मिळून ३, म्हणजे ४ दिवस. तो माझ्यासारखाच हट्टी आहे. म्हणाला, "१२ नको, ७ पोळ्या घे." मुद्दाम, मला अडकवायला. घेतल्या ७. एकजण रोज सात-षष्ठांश, दुसरा रोज सात-द्वादशांश. कागदावर त्याच्याकडूनच बेरीज करून घेतली: बारा छेद करून १४ आणि ७, एकवीस-द्वादशांश, म्हणजे पावणेदोन. साताला पावणेदोननं भागायला त्याला पाच मिनिटं लागली. उत्तर आलं ४. तेव्हा त्याचा जो चेहरा झाला तो मी विसरणार नाही. काम कितीही पोळ्यांचं माना, उत्तर हलत नाही हे त्याच्या हातानं त्याला दिसलं. आता त्याला सूत्र वापरू दे, माझी काही तक्रार नाही.

जाता जाता, 'पावणेदोन' म्हटल्याबरोबर मला ते सोपं वाटतं, कारण माझे वडील मंडईत गाळ्यावर हिशेब लिहीत आणि त्यांनी मला पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी घोकून घेतली होती. औटकीसुद्धा, म्हणजे साडेतीनचा पाढा. माझा जन्म पानशेतच्या पुराच्या सालचा, १९६१ चा. माझ्या वर्गात कुणालाच हे पाढे येत नव्हते, मला येत होते म्हणून मुली हसायच्या. आज नातवाला तीन-चतुर्थांश म्हटलं की तो घाबरतो आणि पाऊण म्हटलं की घाबरत नाही. यावर शिक्षण खात्यानं काय करायचं ते करावं.

मूळ गोष्ट साधी आहे आणि ती माझ्या स्वयंपाकघरात रोज घडते. पर्वती पायथ्याहून येणाऱ्या मावशी लाटून-भाजून तासाला ६० घडीच्या पोळ्या करतात. दत्तवाडीच्या ताई ४०. मला ३०० पोळ्यांची ऑर्डर आली तर मावशी एकट्या ५ तास घेतील, ताई एकट्या साडेसात तास. मला दोघी मिळून किती वेळ घेतील हे काढायचं असतं तेव्हा मी ५ आणि साडेसातची काही खटपट करत नाही. साठ आणि चाळीस शंभर, तीनशेला ३ तास. वेळा मिळवता येत नाहीत, वेग मिळवता येतात. आमच्या लहानपणी याला एकमान पद्धत म्हणत: आधी एका तासाचं काढ, मग हवं तितक्यांचं. आताच्या पुस्तकातही समप्रमाण, व्यस्तप्रमाण असतंच, फक्त मुलं तिथून थेट सूत्रावर उडी मारतात.

गेल्या गणेशोत्सवातला एक दिवस सांगते, कारण त्यात परीक्षेतले दोन-तीन प्रकार एकदम आले. मंडळाच्या कार्यकर्त्यांसाठी ३०० पोळ्या हव्या होत्या. दुपारी एकला लाटायला बसायचं, चारला टेम्पो येणार. बसल्या दोघी. अडीच वाजता ताईंना सणकून ताप भरला, त्यांना रिक्षात घालून घरी पाठवलं. तोवर दीड तासात दीडशे झाल्या होत्या, दीडशे उरल्या. मावशी एकट्या असत्या तर आणखी अडीच तास, म्हणजे पाच वाजले असते. टेम्पोवाला थांबणारा नव्हता. मग मी लाटणं हातात घेतलं. माझ्या गुडघ्यांनी आणि मनगटांनी आता तासाला ३० होतात, त्याच्या वर नाही. मावशींचे ६० आणि माझे ३०, नव्वद. दीडशेला नव्वदनं भागा: एक तास चाळीस मिनिटं. चार वाजून दहा मिनिटांनी शेवटची पोळी डब्यात पडली. टेम्पोवाला दहा मिनिटं कुरकुरला.

रात्री वहीत लिहिलं: मावशी १९०, ताई ६०, मी ५०. बेरीज ३००. आमच्याकडे मजुरी पोळीमागे असते, त्यामुळे तुमच्या पानावर 'मजुरीची वाटणी कशी करावी' म्हणून जो वेगळा, अवघड प्रकार दाखवतात तो माझ्या वहीत एका ओळीत संपतो. ज्यानं जितकं केलं तितकं त्याचं. दिवसांच्या प्रमाणात वाटायचं नाही, केलेल्या कामाच्या प्रमाणात वाटायचं. हे ताईंना समजावून सांगावं लागत नाही, मुलांना मात्र समजावून सांगावं लागतं.

हौद आणि नळाचा प्रकारही तसाच. एक नळ हौद भरतो, खालची तोटी रिकामा करते. मुलं इथे अधिक-उणेचा गोंधळ घालतात. मी त्यांना म्हणते, दोन बायका मिळून तासाला १०० पोळ्या करतायत आणि तुम्ही मुलं गरम-गरम म्हणत डब्यातून तासाला ४० उचलताय, तर माझा ३०० चा डबा कधी भरेल? तासाला ६० च साठतात. म्हणजे ५ तास. मुलं खाणारी बाजू आहेत एवढं कळलं की उणे चिन्ह कुठे घालायचं ते त्यांना आपोआप कळतं.

आता पर्यायांविषयी, कारण तुमच्या चौकटीत 'तीन सेकंदांत उत्तर' असं म्हटलं होतं. तीन सेकंदांत करायचंच असेल तर हे करावं. दोघांपैकी चपळ माणूस ६ दिवस घेतो, हळू माणूस १२. दोघंही चपळासारखे असते तर ३ दिवस लागले असते. दोघंही हळू असते तर ६. म्हणजे खरं उत्तर ३ आणि ६ च्या मध्ये कुठेतरी आहे. पर्यायांत २, ४, ९, १८ असेल तर गणित न करताच ४ वर खूण करता येते. बीडच्या मुलाच्या प्रश्नात तिघंही १० दिवसवाल्यासारखे असते तर सव्वातीन दिवसांच्या जरा वर, तिघंही १५ दिवसवाल्यासारखे असते तर ५. उत्तर त्यांच्या मध्ये, म्हणजे ४. मी हे सांगितल्यावर त्या दिवशी जेवणघरात जी शांतता पसरली ती पाहून मला वाटलं की आपणही एक क्लास काढावा. मग भाजी लागली आणि विचार मागे पडला.

एका गोष्टीवर मात्र माझा खरा राग आहे. '४ पुरुष किंवा ६ स्त्रिया एक काम १२ दिवसांत पूर्ण करतात, तर २ पुरुष आणि ३ स्त्रिया मिळून ते काम किती दिवसांत करतील?' गणित म्हणून यात काही नाही, निम्मे पुरुष अर्धं काम करतात, निम्म्या स्त्रिया उरलेलं अर्धं, उत्तर पुन्हा १२. पण असले प्रश्न मी इतक्या वर्षांत जेवढे ऐकले, त्यांतल्या एकातही बाई पुरुषापेक्षा वेगवान निघाली नाही. मुलं मोठ्यानं हा प्रश्न वाचत होती आणि मावशी भाकरी थापत होत्या. त्यांनी विचारलं, "पण काम कसलं हाय?"

याचं उत्तर कुठल्याच पुस्तकात नसतं. दगड उचलायचे असतील तर एक हिशेब, पोळ्या लाटायच्या असतील तर दुसरा. माझ्याकडे ३१ वर्षांत तीन पुरुष लाटायला आले. त्यांतला एक चांगला होता, तो पुढे स्वतःची खानावळ काढून गेला. बाकीच्या दोघांचे नकाशे मी अजून विसरलेले नाही. दुष्काळात रोजगार हमीवर बायकांनी खडी फोडली. समान कामाला समान मोबदला द्यावा असा कायदा या देशात १९७६ सालीच झाला. तरी प्रश्नपत्रिकेतली बाई अजून पुरुषाच्या दोन-तृतीयांशच. 'कुशल कारागीर' आणि 'शिकाऊ' असं लिहिलं तर गणित तेच राहतं आणि माझ्या स्वयंपाकघरातल्या बायकांना ताटं उचलताना हे ऐकावं लागत नाही. प्रश्न काढणाऱ्यांनी एवढं तरी करावं.

आता माणसं वाढवण्याच्या उदाहरणांबद्दल, कारण इथे मात्र पुस्तकापेक्षा आमची शेगडी जास्त शिकवते. '१२ माणसं एक काम १० दिवसांत करतात, तर १५ माणसं किती दिवसांत?' १२ दाहे १२०, भागिले १५, उत्तर ८ दिवस. कबूल. १२० माणसं एका दिवसात. तेही कबूल. १२०० माणसं एका दिवसाच्या दहाव्या भागात, म्हणजे आठ तासांचा दिवस धरला तर ४८ मिनिटांत? माझ्या दहा बाय बाराच्या स्वयंपाकघरात १२०० बायका आणून दाखवा. माझ्याकडे तवे दोनच. तिसरी बाई आली तर वेग १०० वरून १३० होत नाही, ती फार तर लाटून देईल, तासाला ११० झाल्या तर खूप. आणि कणीक भिजल्यावर ती अर्धा तास झाकून ठेवायचीच असते. मी एकटी असले तरी अर्धा तास आणि सगळी सदाशिव पेठ मदतीला आली तरी अर्धाच तास.

याचा अर्थ गणित खोटं आहे असा नाही. गणितात एक अट गृहीत धरलेली असते: प्रत्येकजण आपापलं काम स्वतंत्रपणे करतो, कुणी कुणाची वाट बघत नाही, जागा आणि साधनं सगळ्यांना पुरतात. ती अट पाळली जाते तिथवर वेगांची बेरीज करा. ती अट कुणी मुलांना मोठ्यानं सांगत नाही.

ती अट मोडते कुठे, ते दिवाळीत करंज्या करताना लख्ख दिसतं. माझ्याकडे फराळाच्या दिवसांत तीन बायका एका ओळीत बसतात. पहिली पाऱ्या लाटते, तासाला ९०. दुसरी सारण भरून कडा दाबून मुरड घालते, तासाला ४५, कारण मुरड हे कसबाचं काम आहे आणि कातण फिरवलेली करंजी माझी गिऱ्हाइकं घेत नाहीत. तिसरी तळते, तासाला १२०. एका वर्षी नव्या मुलीनं, कॉमर्सची आहे, हिशेब करून मला सांगितलं, "काकू, ९० अधिक ४५ अधिक १२०, तासाला २५५ करंज्या होतील." मी तिला म्हटलं, मोज. तासाभरानं डब्यात ४५ च्या आसपास करंज्या होत्या. लाटणारीच्या पाऱ्या ओल्या फडक्याखाली साठून वाळायला लागल्या होत्या आणि तळणारी कढईखालचा गॅस मंद करून वाट बघत बसली होती. वेग मिळवायचे ते एकच काम शेजारी शेजारी करणाऱ्यांचे. एकीचं काम संपल्याशिवाय दुसरीचं सुरू होत नाही तिथे बेरीज चालत नाही, तिथे सगळ्यात हळू हात सगळ्यांचा वेग ठरवतो. मग मी काय केलं? आणखी एक बाई बोलावली आणि तिला लाटायला न बसवता मुरड घालायला बसवलं. दोघींच्या मिळून ९० मुरडी झाल्या. लाटणारी ९०, मुरडणाऱ्या ९०, ओळ मोकळी झाली, तासाला ९० करंज्या. दुसरी लाटणारी आणली असती तर तिची मजुरी गेली असती आणि करंज्या ४५ च राहिल्या असत्या.

त्या कॉमर्सच्या मुलीनं नंतर मला सांगितलं की हे त्यांना कॉलेजात वेगळ्या नावानं शिकवतात. असेल. पण शाळेत काळ-काम-वेग शिकवताना दहा मिनिटं यावर घालवली तर मुलांना कळेल की हे गणित कुठे लावायचं आणि कुठे हात आवरायचा.

तुमच्या चौकटीच्या बाजूनं एक गोष्ट सांगते, म्हणजे मी एकांगी वाटायला नको. सूत्राला माझा विरोध नाही. आपल्याकडे ही परंपरा जुनी आहे. भास्कराचार्यांच्या लीलावतीत, म्हणजे शके १०७२, इसवी सन ११५० च्या ग्रंथात, हौद भरणाऱ्या चार झऱ्यांचं उदाहरण आहे. एक झरा हौद एका दिवसात भरतो, दुसरा अर्ध्या दिवसात, तिसरा दिवसाच्या तिसऱ्या भागात, चौथा सहाव्या भागात. चारही एकदम सोडले तर? वेळेचे अपूर्णांक बघून घाबरायला होतं. पण दिवसाला किती हौद असं विचारलं की पहिला एक, दुसरा दोन, तिसरा तीन, चौथा सहा, मिळून बारा हौद. म्हणजे एक हौद दिवसाच्या बाराव्या भागात. गुणाकार-भागिले-बेरीज इथे लावून बघा आणि काय येतं ते मला कळवा. साडेआठशे वर्षांपूर्वीचा प्रश्नसुद्धा आधी वेगाकडे बघायला लावतो.

तेव्हा संपादक महोदय, पुढच्या अंकात त्याच पानावर चार ओळी छापा. एक, हे सूत्र दोघांपुरतंच आहे, तिसरा माणूस आला की चालत नाही. तिघांसाठी सूत्रच हवं असेल तर तिघांचा गुणाकार करा आणि त्याला दोन-दोघांच्या गुणाकारांच्या बेरजेनं भागा: १८०० भागिले १२०, १८० आणि १५० यांची बेरीज, म्हणजे ४५०, उत्तर ४. चौघांचं मी सांगणार नाही, चौघांना एका दिवसाचंच काम काढा. दोन, उत्तर काढल्यावर ते चपळ माणसाच्या एकट्याच्या वेळेपेक्षा कमी आलंय का ते बघा. आणि जमलं तर एकदा तरी असा प्रश्न घाला ज्यात बाई जास्त वेगानं काम करते. त्यासाठी काम कोणतं घ्यायचं ते सुचत नसेल तर संध्याकाळी साडेसातनंतर माझ्याकडे या, जेवणही होईल.

भिंतीवरची चौकट मी काढलेली नाही. तिच्याखाली बीडच्या मुलानं लाल स्केचपेननं लिहिलंय, 'फक्त दोघांसाठी. तिसरा आल्यास काकूंना विचारणे.'

पत्र लांबलं आहे याची मला कल्पना आहे. जागेअभावी कापावंच लागलं तर लीलावती कापा, करंज्या ठेवा.

आपली नम्र,
एक पोळीभाजी केंद्रवाली,
सदाशिव पेठ, पुणे ३०